बाबांची नक्कल

रविवार, रात्री

चाळ पुनर्विकासाला जाणार, म्हणून आज पोटमाळा उपसला. हंड्याकळशांच्या मागे पत्र्याची ट्रंक होती. तिच्या तळाशी बाबांची नक्कल सापडली. नाटकातली आपल्या वाट्याची भाषणं उतरवून घेतलेली वही. शाई फिकी झालीय, पण समोरच्याचे शेवटचे दोन-तीन शब्द लाल पेन्सिलीने अधोरेखित केलेले अजून ठसठशीत दिसतात. ते कानावर पडले की आपण बोलायचं.

बाबा कापड गिरणीत होते, साचाखात्यात, म्हणजे मागांवर. दुसरी पाळी सुटली की जेवून रात्री तळमजल्यावरच्या गावकीच्या खोलीत तालीम. मी दारात बसून ऐकत झोपी जायचो. लालबाग-परळात तेव्हा असं घरोघर होतं. अमर शेख, अण्णाभाऊ साठे, गवाणकर या शाहिरांनी १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक काढलं, ते याच कामगारांच्या जिवावर. परळच्या दामोदर हॉलमध्ये बाबांचा प्रयोग झाला, तेव्हा आईने मला नवा सदरा घातला होता. प्रयोगात बाबा एक वाक्य विसरले. दुसऱ्या दिवशी खात्यात पाऊल टाकताच शेजारच्या साच्यावरच्याने तेच वाक्य मोठ्याने म्हणून दाखवलं. बाबा ते आयुष्यभर सांगत. प्रेक्षक दुसऱ्या दिवशी पाळीवर भेटायचा, म्हणून नाटक मन लावून करावं लागे.

टीव्हीने हे सगळं मारलं, असं सर्रास म्हणतात. मला ते पटत नाही. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, त्यानंतरही आमच्या तालमी दहा वर्षं चालू होत्या. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला आणि पाळ्याच गेल्या. अडीच लाखांच्या आसपास कामगार घरी बसले. कोणी भाजी विकायला लागलं, कोणी कायमचं गावी गेलं. तालमीला माणसंच उरली नाहीत. १९८७ च्या जानेवारीत रामायण सुरू झालं, तेव्हा रविवारी सकाळी आख्खा मजला एका खोलीत दाटीवाटीने बसायचा. त्यात बाबाही होते, हात गुडघ्यांवर ठेवून, गप्प. रंगमंचावरची माणसं प्रेक्षकांत येऊन बसली ती त्या वर्षांत. त्याचं मला अजून वाईट वाटतं.

म्हणून पुतणी गॅलरीत मोबाइल टेकवून रील करते, तेव्हा मी तिला कधी रागावत नाही. चाळीतलं माणूस पुन्हा बघणाऱ्यांतून उठून करणाऱ्यांत आलं, ही मोठी गोष्ट आहे. फक्त तिचा प्रेक्षक तिला दुसऱ्या दिवशी जिन्यात भेटत नाही. तिचं वाक्य चुकलं तर तिला ते सांगणार कोण?

आज तिने नक्कल हातात घेतली आणि उभ्या उभ्या वाचायला लागली. आवाज चांगला लागतो तिचा. दुसऱ्या पानावर थांबली. "काका, समोरचा काय बोलतो? इथे नुसतं 'तुझ्या आईची शपथ' एवढंच लिहिलंय."

समोरचा म्हणजे वरच्या मजल्यावरचे तात्या. त्यांची नक्कल त्यांच्याकडे असायची. संपानंतर ते राजापूरकडे गेले, ते परत आले नाहीत.

ती ते तीन शब्द स्वतःच म्हणाली, थोडी थांबली, आणि मग बाबांचं वाक्य घेतलं.