हात नसलेली प्रत

अमेरिकेतल्या एका विद्यापीठाच्या ग्रंथालयात जुन्या ध्वनिमुद्रणांचे अंकीकरण आणि सूचीकरण हे माझे काम आहे. तबकडी धुवायची, सुई निवडायची, आवाज संगणकात उतरवायचा आणि मग सूचीतले रकाने भरायचे, असा हा दिनक्रम. ज्यांची भाषा मला कळत नाही अशा आवाजांच्या सहवासात माझी बरीच वर्षे गेली आहेत. भाषा कळत नसली तरी आवाज नीट ऐकता येतो, अशी एक सोयीस्कर समजूत मी त्या वर्षांत करून घेतली होती. गेल्या पावसाळ्यातल्या एका दुपारी तिला तडा गेला.

त्या दुपारी ऐकायचे ध्वनिमुद्रण होते मेक्सिकोतल्या मासातेक जमातीच्या जाणत्या बाई मारिया साबिना यांच्या एका रात्रीच्या जागराचे. ‘जाणती’ हा शब्द मी मुद्दाम वापरते. मासातेक भाषेत अशा व्यक्तीला ‘जाणणारा माणूस’ अशाच अर्थाचा शब्द आहे. देवरुषी किंवा भगत म्हटले की मराठी वाचकाच्या मनात जो संशय डोकावतो, तो त्या शब्दात नाही. १२ जुलै १९५८ च्या रात्री सुरू होऊन पहाटेपर्यंत चाललेला हा जागर अमेरिकी बँकर आणि अळंबीचे अभ्यासक गॉर्डन वॉसन यांनी ध्वनिमुद्रित करून घेतला. १९७४ मध्ये तो चार तबकड्यांच्या संचात, मासातेक शब्द, त्यांची भाषांतरे आणि स्वरलेखन यांच्यासह प्रसिद्ध झाला. शब्द उतरवून घेणारे जॉर्ज आणि फ्लॉरेन्स कोवन हे दांपत्य मुळात बायबलच्या भाषांतरासाठी त्या डोंगरात गेलेले भाषाशास्त्रज्ञ होते. जो विधी मोडून काढावा असे त्यांच्या पंथाला वाटत असणार, त्याच विधीचा शब्दन् शब्द त्यांनी इतक्या निगुतीने टिपून ठेवला, याचे मला आजही नवल वाटते.

वाउत्ला दे हिमेनेस हे मारिया साबिना यांचे गाव मेक्सिकोच्या वाहाका राज्याच्या उत्तर टोकाला, ढगांत बुडालेल्या डोंगररांगेत आहे. तिथे पावसाळ्यात उगवणारी विशिष्ट अळंबी रात्री अंधारात खाऊन जाणते लोक आजाराचे मूळ शोधतात, आणि हा शोध ते बोलून, गाऊन, टाळ्या वाजवून घेतात. स्पॅनिशमध्ये त्या रात्रीला ‘वेलादा’ म्हणतात. वॉसन १९५५ च्या जूनअखेरीस अशा एका वेलादात बसले आणि मे १९५७ मध्ये त्यांनी ‘लाइफ’ या साप्ताहिकात तो अनुभव लिहिला. त्यात बाईंचे नाव बदलून ‘ईवा मेंडेस’ केले होते आणि जमातीचेही नाव दडवले होते, पण त्याचा काही उपयोग झाला नाही. काही वर्षांतच जगभरचे तरुण नशेच्या शोधात त्या डोंगरावर पोहोचले, मेक्सिकोच्या सरकारला रस्त्यावर लष्कर उभे करावे लागले, बाईंचे घर जाळले गेले. परके लोक आल्यापासून अळंबीचे बळ ओसरले, असे त्यांनीच पुढे सांगून ठेवले आहे. १९८५ मध्ये त्या वारल्या तेव्हा त्यांची कीर्ती जगभर होती आणि गरिबी होती तशीच होती.

त्या दुपारी हा जागर ऐकायला आमच्याकडे आलेल्या बाई वाउत्लाजवळच्या एका खेड्यातल्या. वय पन्नाशीच्या पुढचे, वीसेक वर्षांपासून अमेरिकेत, एका हॉटेलच्या स्वयंपाकघरात कामाला. त्यांची आजी जाणती होती. ऐकण्याची वेळ त्यांच्या मुलीने ठरवली होती. ती इथेच शिकते. तिला मासातेक कळते, पण बोलताना ती अडखळते. माझे मुलीशी इंग्रजीत चाले, आईशी माझ्या मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये, आणि त्या दोघींचे आपापसांत मासातेकमध्ये.

श्रवणकक्षात शिरताच बाईंनी छताकडे पाहिले आणि दिवे मालवायला सांगितले. “हे उजेडात ऐकायचे नसते, पोरी.” मी दिवे मालवले. तरी संगणकाचा पडदा उजळलेलाच होता. तो बंद केला तर ध्वनीची पातळी मला दिसणार नव्हती. बाईंनी काही न बोलता खांद्यावरची शाल काढली आणि पडद्यावर पांघरली. लोकरीच्या विणीतून निळसर ठिपके तेवढे दिसत राहिले.

मी फाइल सुरू केली. बारीक, स्थिर, कसलीही घाई नसलेला तो आवाज मी कामाच्या निमित्ताने पूर्वी अनेकदा ऐकला होता. प्रत्येक ओळीत एखादाच शब्द बदलतो आणि बाकीची ओळ तशीच राहते. गडगडणारी बाई मी, नाद करणारी बाई मी, गरुडबाई मी, वकीलबाई मी, अशी स्वतःची ओळख सांगत तो आवाज एकेक पायरी चढत जातो. (यातल्या एका बिरुदाचा अर्थ कोळ्याचे जाळे विणणारी बाई असा आहे. मराठीत ‘कोळीण’ लिहावे, तर डोळ्यांसमोर मासळीची पाटी उभी राहते.) मध्येच ख्रिस्ताचे, कुमारी मातेचे, संत पेद्रोचे स्पॅनिश नाव येते आणि मासातेक शब्दांत ते असे मुरून जाते की उपरे वाटत नाही.

तीन-चार मिनिटे झाली असतील. अंधारातून बाईंनी विचारले, “हिचे हात कुठे गेले?”

मला वाटले, त्यांना चित्रफीत अपेक्षित होती. मी सांगितले की हे केवळ ध्वनिमुद्रण आहे, यात कोणी दिसत नाही. त्यांनी तोच प्रश्न पुन्हा विचारला. मग मुलगी म्हणाली, “टाळ्या. आई टाळ्यांचे विचारते आहे. हात ऐकू येत नाहीत, म्हणते.”

मला दरदरून घाम फुटला, कारण हात कुठे गेले हे त्या खोलीत मला एकटीलाच ठाऊक होते. आमच्याकडे प्रत्येक तबकडीच्या दोन प्रती होतात. पहिली जतनाची: ९६ किलोहर्ट्‌झ, २४ बिट, तबकडीवर जे आहे ते जसेच्या तसे, खरखरीसकट. दुसरी लोकांना ऐकवण्याची, आणि तिच्यावर थोडा साफसफाईचा हात फिरवलेला असतो. तबकडीवरच्या ओरखड्यांमुळे येणारे टकटक आवाज काढणारी एक संगणकीय सोय आहे. काही सहस्रांश सेकंदांपुरता अचानक उसळणारा आवाज ती हुडकते, तेवढा तुकडा कापते आणि आजूबाजूच्या लहरींवरून अंदाज बांधून ती जागा भरून काढते. टाळीची सुरुवातही नेमकी अशीच असते: अचानक, टोकदार, क्षणभराची. आमचा संच बराच ओरखडलेला होता, म्हणून मी ती सोय जोरात लावली होती, आणि नंतर तपासताना फक्त कंठ ऐकला होता. कंठ स्वच्छ होता. सुक्याबरोबर ओलेही जळावे तसे ओरखड्यांबरोबर मारिया साबिना यांचे हातही मी पुसून टाकले होते. काही टाळ्या पार नाहीशा झाल्या होत्या, उरलेल्या उशीवर थाप मारल्यासारख्या बोथट झाल्या होत्या. सूचीत मात्र मी समाधानाने लिहून ठेवले होते: ‘ध्वनीची गुणवत्ता उत्तम’.

वॉसन यांनी त्यांच्या पहिल्याच लेखात या हातांविषयी लिहिले आहे. मिट्ट काळोखात बाई फिरत राहतात, टाळ्या वाजवतात, स्वतःच्या अंगावर ठिकठिकाणी थापा मारतात, आणि आवाज नेमका कुठून येतो हे ऐकणाऱ्याला उमगत नाही. मी तो लेख वाचलेला होता. वाचलेले आणि ऐकलेले यांची सांगड घालणे हेच माझे काम, आणि नेमके तेच मी केले नव्हते.

मी चूक कबूल केली, शालीखाली हात घालून चाचपडत जतनाची प्रत शोधली आणि ती लावली. खरखर आली, ओरखड्यांची टकटक आली, आणि तिच्यामागून, तिच्यात मिसळून, हात आले. पहिली काही मिनिटे मला ओरखडा कोणता आणि टाळी कोणती हे सांगता येईना. बाईंना ते क्षणभरही अवघड गेले नाही. अंधारात त्यांचा तळवा गुडघ्यावर पडल्याचा आवाज मला ऐकू येऊ लागला. ओरखड्यावर तो एकदाही पडला नाही.

पहिली बाजू संपल्यावर मी एक प्रश्न विचारला. ओळीच्या शेवटी ‘त्सो’ असा एक आवाज पुन्हा पुन्हा येतो, तो मी सूचीत ‘ध्रुवपद’ म्हणून नोंदवला होता. हा एक अर्थहीन पालुपदासारखा ध्वनी असावा, अशी माझी अटकळ होती. बाई हसल्या. “त्सो म्हणजे म्हणतात.”

साहजिकच मला ‘तुका म्हणे’ आठवले आणि मी उत्साहाने ते समजावून सांगू लागले, की आमच्याकडेही कवितेत असे ‘म्हणे’ येते. त्यांनी विचारले, म्हणणारा कोण? मी म्हटले, कवी, तो शेवटी आपले नाव घालतो. त्यांनी मान हलवली. इथे नाव कुठे आहे? आणि शेवटी एकदाच कुठे आहे, इथे तर ओळीओळीला आहे. सांगता सांगता माझ्याही लक्षात आले की अभंगातले ‘म्हणे’ ही कवीची सही आहे. इथे सही करणारा ओळीत नाहीच. मग मी त्यांना आमचे दुसरे, रोजच्या बोलण्यातले ‘म्हणे’ सांगितले. ‘तो म्हणे मुंबईला गेला’, म्हणजे गेला असे ऐकले, खरेखोटे मला विचारू नका. यावर दोघी मायलेकी मोठ्याने हसल्या. “तुमच्याकडे ‘म्हणे’ म्हटले की भरवसा कमी होतो,” बाई म्हणाल्या. “माझी आजी त्सो म्हणायची तेव्हाच घरचे मान खाली घालायचे.”

“पण मग म्हणते कोण?” मी विचारले.

दार किलकिले करून मी तेवढ्यापुरता उजेड आत घेतला होता. त्यात त्यांनी अंगठा आणि तर्जनी यांत बोटभर अंतर धरून दाखवले. इतकी लहान. अळंबीचे नाव त्यांनी घेतले नाही. लेकरे, एवढेच म्हणाल्या. वाउत्लात त्यांना तसेच म्हणतात, पवित्र लेकरे.

सगळे ध्वनिमुद्रण आम्ही ऐकले नाही. हा जागर एका आजारी मुलासाठी होता का, असे बाईंनी विचारले. त्यांनी कुणाकडून तरी ऐकले होते. मी होय म्हटले. मुलगा सतरा वर्षांचा होता, त्याच्यावर इलाज नाही असे त्या रात्री निघाले, आणि पुढे तो वाचला नाही. हे छापील संहितेत आहे. तो भाग कोणत्या बाजूवर आहे ते त्यांनी विचारून घेतले आणि ती बाजू लावू नका म्हणाल्या. मी तबकडीचे वेष्टन मिटून ठेवले. काही वेळ कोणीच बोलले नाही.

मग दिवे लावून मी सूचीची नोंद छापून आणली. ज्या समाजाचे ध्वनिमुद्रण असते त्या समाजाचे कोणी आले तर नोंद त्यांना दाखवून दुरुस्त करून घ्यायची, अशी आमची पद्धत आहे, आणि ही नोंद इंग्रजी व स्पॅनिश अशी शेजारी-शेजारी होती. बाईंनी चष्मा लावून स्पॅनिश बाजू एकेक रकाना बोट फिरवत वाचली. ‘प्रकार: गाणे’ यावर त्यांनी पेनने आडवी रेघ मारली. गाणे नाही, मग काय, असे विचारल्यावर बराच विचार करून म्हणाल्या, बोलणे. ‘कर्ता: पारंपरिक’ यावरही रेघ. ‘ध्रुवपद’ मी स्वतःच खोडले. मग त्यांचे बोट ‘इंतेर्प्रेते: मारिया साबिना’ या ओळीवर आले आणि थांबले. “हे बरोबर लिहिले आहे,” त्या म्हणाल्या, “हे कोणी सांगितले तुम्हाला?”

कोणीच सांगितले नव्हते. स्पॅनिशमध्ये ‘इंतेर्प्रेते’ म्हणजे गाणारा किंवा वाजवणारा कलावंत, आणि तोच शब्द दुभाष्यालाही आहे. मी तो पहिल्या अर्थाने, ठरीव यादीतून उचलून टाकला होता. बाईंनी तो दुसऱ्या अर्थाने वाचला होता.

“ही माझ्याबरोबर दवाखान्यात येते,” मुलीकडे बोट करून त्या म्हणाल्या. “डॉक्टर इंग्रजीत बोलतो, ही मला आपल्या भाषेत सांगते. रक्त वाढलेले नाही, म्हणतो. गोळी रात्री घे, म्हणतो. हिला कुठे डॉक्टरकी येते? तरी ‘म्हणतो’ म्हणायला ती एकदाही चुकत नाही.”

आल्वारो एस्त्रादा या वाउत्लाच्याच लेखकाने मारिया साबिना यांचे चरित्र त्यांच्याशी मासातेकमध्ये बोलून १९७७ मध्ये प्रसिद्ध केले. त्यात बाईंनी हेच सांगितले आहे, की भाषा लेकरांची आहे, बोलतात ती, आणि आपल्याला भाषांतर करण्याची शक्ती आहे. ते पान माझ्या टेबलावर, खूण घातलेले होते. सूची भरताना मी ते उघडले नव्हते.

इंग्रजी बाजूच्या रकान्यात मात्र कलावंत असाच अर्थ देणारा शब्द होता, आणि आमच्या ठरीव यादीत दुभाष्यासाठी वेगळा शब्द सापडेना. शेवटी मी तो रकाना तसाच ठेवला आणि टिपेत चार ओळी लिहिल्या. स्पॅनिश रकान्याला हात लावला नाही.

निघताना बाईंनी शाल खांद्यावर घेतली, दाराशी वळून मला काहीतरी मासातेकमध्ये सांगितले, आणि मी मुलीकडे पाहिले.

“ती हात नसलेली प्रत पुसून टाका,” मुलगी म्हणाली, “म्हणते.”