अवो, मायाक्का ऱ्हायली!

दिवाळी झाली की जत, आटपाडीकडचे धनगर कृष्णाकाठाला उतरतात. ऊस तुटलेल्या रानात रात्री मेंढरं बसवायची, त्या खताचे धान्य किंवा पैसे घ्यायचे आणि पुढचं रान धरायचं. असाच एक वाडा, म्हणजे मेंढरांसह फिरणाऱ्या बिऱ्हाडांचा तळ, पलूसजवळ उतरला होता. धनगरांचा देव बिरोबा, त्याची ओवी म्हणजे गाऊन सांगितलेली कथा चित्रित करायला मी तिथं गेले.

माझा आजा मेंढरांमागं हिंडला. वडील नोकरीपायी सांगलीत आले. घरात घोंगडं होतं, बिरोबाच्या आरेवाडीचा भंडारा, म्हणजे देवाची हळद, होता, पण ओवी कुणी म्हटली नाही. हायडेलबर्गचे अभ्यासक गुंथर सोंथायमर १९९२ साली वारले. धनगरांच्या ओव्या त्यांनी टेपवर घेऊन ठेवल्या होत्या. त्यांच्या कामामुळे मी या वाटेला लागले, आणि आपल्याच घरातलं आपल्याला इतक्या लांबून कळावं याचं मला अजून वाईट वाटतं.

अंधार पडला. मेंढरं वाघरीत, म्हणजे जाळीच्या कुंपणात, गेली. मी मोठे दिवे लावू दिले नाहीत. चुलीचा जाळ आणि एक कंदील पुरे होता. ओवी म्हणणाऱ्या तात्यांनी ढोलावर थाप मारून सुंबरान मांडलं. कथेला हात घालण्याआधी ठिकठिकाणच्या देवांना आठवायचं असतं. गडी झील धरत होते. तात्या कथेकडं वळणार, तोच चुलीकडून आवाज आला, "अवो, चिंचलीची मायाक्का ऱ्हायली न्हवं!"

ढोल थांबला. टेक गेला, अशा नजरेनं आमच्या ध्वनिमुद्रकानं माझ्याकडं पाहिलं. मी त्याला खुणेनंच माइक चुलीकडं वळवायला सांगितला. "बराबर हाय," तात्या म्हणाले. त्यांनी मायाक्काला आळवलं आणि मगच पुढं गेले. बिरोबाची बहीण ती. तिला सोडून ओवी कशी चालेल?

मंडळी चहाला थांबली तेव्हा मी मघाशी चुलीकडून बोललेल्या आजींजवळ जाऊन बसले. त्या भाकरी थापत होत्या.

"आजी, तुम्ही म्हणता का ओवी?"

"म्या कशाला म्हणू? बाप्यांचं असतंय त्ये. पर जल्मभर ऐकलंय की, पोरी."

मग त्यांनी बिरोबाची आई सूरवंती हिची कथा सांगायला घेतली. गाणं नाही, नुसतं सांगणं, तव्यावरची भाकरी उलटता उलटता. तात्या कुठं आवरतं घेतात, कुठं रंगतात, तेही सांगितलं. घोड्यावर बिऱ्हाड लादून पुढं जाऊन तळ मांडणारी ही बाई. अख्खी ओवी तिच्याही डोक्यात होती आणि तिला कुणी कधी विचारलंच नव्हतं. हल्ली धनगर म्हटलं की लोक मला आरक्षणाचं विचारतात. तो प्रश्न मोठाच आहे, पण मला त्या रात्रीपासून अशा बायकांकडं बसायची घाई झाली आहे. त्या म्हाताऱ्या होत चालल्यात.

संकलनाच्या वेळी तो मधला आवाज कापून टाकावा, असं सुचवलं गेलं. मी कापला नाही. श्रेयनामावलीत ओवीसमोर दोघांची नावं आहेत. कुणाचं नाव लिहू, असं विचारल्यावर तात्यांनीच सांगितलं होतं, "दोघांचं लिवा."