बँकेच्या उताऱ्यातील अनोळखी दुकाने : माझा अनुभव

बँक खात्याचा मासिक उतारा मी प्रत्येक ओळ वाचून तपासते. एका महिन्याच्या उताऱ्यात कार्डावरून झालेल्या खरेदीच्या काही नोंदींपुढे अशा दुकानांची नावे होती, की ती मी कधी ऐकलेलीही नव्हती. सर्वप्रथम मी बँकेच्या अ‍ॅपमधून कार्ड तात्पुरते बंद केले. त्यामुळे आधी मंजूर झालेले व्यवहार थांबत नाहीत, पण नव्या खरेदीला आळा बसतो आणि शांतपणे तपास करायला वेळ मिळतो. त्यानंतर लगेच तक्रार न नोंदवता मी एकेक नोंद तपासायला घेतली, कारण ‘हा व्यवहार मला ओळखता येत नाही’ आणि ‘हा व्यवहार मी केलेला नाही’ ही दोन विधाने बँकेच्या दृष्टीने अगदी वेगळी असतात. दुसरे विधान लेखी द्यावे लागते आणि नंतर ते खोटे ठरले, तर खऱ्या तक्रारींवरचाही विश्वास उडतो.

दुकानाचे नाव अनोळखी दिसण्यामागे बहुतेक वेळा साधे कारण असते. दुकानाच्या पाटीवर एक नाव असते आणि ज्या कंपनीच्या नावे त्या दुकानाचे बँक खाते असते तिचे नाव दुसरेच असते. उताऱ्यात छापले जाते ते बहुधा दुसरे. कार्ड-व्यवहारांचे संदेश ज्या आयएसओ 8583 या आंतरराष्ट्रीय मानकानुसार पाठवले जातात, त्यात दुकानाचे नाव आणि ठिकाण या दोहोंसाठी मिळून 40 अक्षरांची जागा असते आणि त्यातली साधारण 25 अक्षरे नावाच्या वाट्याला येतात. त्यामुळे लांब नावे मध्येच तुटतात. दुकानदार एखाद्या पेमेंट कंपनीमार्फत पैसे घेत असेल, तर तिच्या नावाचे संक्षिप्त रूप आधी येते, मग एक तारांकित खूण आणि त्यानंतर दुकानाच्या नावाचा उरलेला तुकडा. ठिकाण म्हणून मुख्य कार्यालयाचे शहर छापलेले असू शकते. तारखेचाही घोळ होतो, कारण आपण खरेदी करतो तो दिवस आणि बँक ती रक्कम खात्यात नोंदवते तो दिवस यांत दोन-तीन दिवसांचे अंतर सहज पडते.

हे सगळे ध्यानात ठेवून मी पावत्या, ईमेल आणि मोबाइलवर आलेले बँकेचे संदेश समोर ठेवले आणि नावाऐवजी रकमेवरून शोध घेतला. ही पद्धत मला सर्वांत उपयोगी वाटली, कारण नाव बदलते, तारीख सरकते, पण स्वतःच्याच चलनात केलेल्या खरेदीची रक्कम सहसा बदलत नाही. एक नोंद माझ्या नेहमीच्या दुकानाचीच निघाली. पावतीच्या तळाशी बारीक अक्षरांत त्याच्या मालक कंपनीचे नाव होते. दोन रकमा कोणत्याच पावतीशी जुळत नव्हत्या, मात्र त्यांची बेरीज एका ऑनलाइन खरेदीशी तंतोतंत जुळली. तो माल दोन खेपांत पाठवला गेला होता आणि प्रत्येक खेप निघताना तिच्यापुरतीच रक्कम घेतली गेली होती. एका नोंदीसाठी मी बँकेकडे दुकानाचा वर्ग विचारला. प्रत्येक दुकानाला चार अंकी व्यवसाय-संकेतांक दिलेला असतो, उदाहरणार्थ किराणा दुकाने आणि सुपरमार्केटसाठी 5411, तर डिपार्टमेंट स्टोअरसाठी 5311. तो कळल्यावर ती खरेदी घरातल्या दुसऱ्या व्यक्तीने माझ्या खात्याच्या जोडकार्डावरून केली असल्याचे विचारून समजले.

उरल्या त्या नोंदी मात्र एकाच ऑनलाइन दुकानाच्या होत्या. आधी एक अगदी किरकोळ रक्कम आणि तिच्यामागोमाग दोन मोठ्या. चोरलेला कार्ड क्रमांक चालतो की नाही, हे पाहण्यासाठी असा लहान व्यवहार आधी करून बघितला जातो. म्हणूनच उताऱ्यातली किरकोळ अनोळखी रक्कम क्षुल्लक समजून सोडून देऊ नये, असे मी आवर्जून सांगेन. त्या दुकानात माझे खाते नव्हते आणि त्यांच्याकडून एकही ईमेल मला आलेला नव्हता. इंटरनेटवर सापडलेल्या ग्राहक सेवा क्रमांकांवर मी फोन केला नाही, कारण त्यांत भामट्यांनी पेरलेले क्रमांकही असतात. कार्डाच्या मागे छापलेल्या क्रमांकावरूनच मी बँकेशी बोलले. खरी बँक तक्रार नोंदवताना पिन मागत नाही, हेही येथे नमूद करते.

बँकेच्या प्रतिनिधीने पहिलाच प्रश्न तक्रारीच्या प्रकाराविषयी विचारला. व्यवहार मुळातच माझा नाही, एकाच खरेदीचे पैसे दोनदा गेले, माल मिळाला नाही, सदोष मिळाला, किंवा रद्द केलेल्या वर्गणीचे पैसे कापले गेले, हे सारे प्रकार वेगळे आहेत आणि प्रत्येकाला पुरावा वेगळा लागतो. माल न मिळाल्याच्या तक्रारीत आधी दुकानदाराशी संपर्क साधल्याचा पुरावा मागितला जातो, तर फसवणुकीच्या तक्रारीत कार्ड कायमचे रद्द करून नवे घ्यावे लागते. एक व्यवहार अजून प्रलंबित होता. तो खात्यात पक्का नोंदला जाईपर्यंत त्यावर तक्रार घेता येत नाही, असे सांगण्यात आले. फोनवर बोलणे झाले तरी मी सर्व काही लेखी दिले : प्रत्येक व्यवहाराची तारीख, रक्कम, उताऱ्यात छापलेले नाव जसेच्या तसे, कार्ड माझ्याच ताब्यात असल्याचे विधान आणि शेवटी तक्रार क्रमांक. पक्क्या नोंदलेल्या प्रत्येक व्यवहाराचा 23 अंकी संदर्भ क्रमांकही मी मागून घेतला, कारण दुकानदाराच्या बँकेला तो व्यवहार त्यावरून नेमका सापडतो.

पुढचा प्रवास आपल्याला दिसत नाही, म्हणून तो समजून घेणे मला महत्त्वाचे वाटले. आपली बँक कार्ड कंपनीच्या जाळ्यामार्फत दुकानदाराच्या बँकेकडे रक्कम परत मागते. यालाच चार्जबॅक म्हणतात. व्हिसा आणि मास्टरकार्ड यांच्या नियमांत फसवणुकीच्या दाव्यासाठी साधारणतः 120 दिवसांची मुदत असते, पण बँकेची किंवा देशाच्या कायद्याची मुदत त्याहून कमी असू शकते, त्यामुळे तेवढे दिवस हाताशी आहेत असे धरून चालू नये. मधल्या काळात बँकेने माझ्या खात्यात रक्कम तात्पुरती जमा केली. दावा फेटाळला गेला तर ती परत काढून घेतली जाते, म्हणून निकाल लागेपर्यंत मी तिला हात लावला नाही.

दुकानदाराने एका व्यवहारावर हरकत घेतली आणि माल पोहोचवल्याची नोंद पुरावा म्हणून पाठवली. बँकेने ती मला दाखवली. तिच्यावरचा पत्ता आणि फोन क्रमांक दोन्ही माझे नव्हते. मी तेवढेच दोन मुद्दे लिहून, माझ्या पत्त्याचा पुरावा जोडून दिलेल्या मुदतीत उत्तर दिले. निकाल माझ्या बाजूने लागला आणि तात्पुरती जमा कायम झाल्याचे पत्र आले.

नव्या कार्डासोबत एक काम राहिले होते. नियमित वर्गणी घेणाऱ्या दुकानांना बदललेला कार्ड क्रमांक आपोआप कळवण्याची सोय कार्ड कंपन्यांकडे असते, त्यामुळे कार्ड बदलले म्हणून जुन्या सर्व वर्गण्या थांबतातच असे नाही. मी बँकेकडून कार्डावरून नियमित पैसे घेण्यासाठी दिलेल्या चालू संमतींची यादी मागवली, नको असलेल्या वर्गण्या थेट त्या त्या दुकानाकडे रद्द केल्या आणि रद्द झाल्याची प्रत्येक पोच तक्रारीच्या कागदांसोबत ठेवली.