शिआनची मातीची फौज: उलट्या क्रमाने बघा

चीनमधल्या शिआनजवळ सम्राटाच्या थडग्याची राखण करायला पुरलेली मातीच्या शिपायांची फौज तीन खड्ड्यांत आहे. ती बघायला जाणारे बहुतेक जण पहिल्या खड्ड्याच्या कठड्यापाशी फोटो काढून परत फिरतात. खड्डा आहेच तसा: २३० मीटर लांब, ६२ मीटर रुंद, रांगा धरून उभे असलेले शिपाई, बहुतेकांची तोंडं पूर्वेकडे. पण तिथून चेहरे धड दिसत नाहीत. म्हणून आम्ही आधी तिसरा, मग दुसरा आणि शेवटी पहिला खड्डा पाहिला. तुम्हीही तसंच करा, छोटी दुर्बीण जवळ ठेवा.

सम्राट चिन शि ह्वांग इ.स.पू. २१० मध्ये वारला. त्याच्या थडग्याची ही राखण १९७४ मध्ये विहीर खणणाऱ्या शेतकऱ्यांना सापडली. वरचं लाकडी छत जळून कोसळल्यामुळे आज उभे दिसणारे बहुतेक शिपाई तुकडे जुळवून उभे केलेले आहेत. गुडघ्यावर बसलेले धनुर्धारी बसके, म्हणून त्या मानाने बचावले. त्यातला एक दुसऱ्या खड्ड्याच्या दालनात काचेत ठेवलाय. त्याला मागून बघा. चिलखताच्या पट्ट्यांच्या दोऱ्यांवर लाल रंग अजून टिकलाय आणि बुटाच्या तळव्यावर टाके दिसतात: चवड्याला आणि टाचेला दाट, मध्ये विरळ. थडग्यात पुरायच्या मूर्तीचा तळवा कोण बघणार होतं! सोबतच्या मावशी मात्र त्याच्या केसांच्या पेडांवरच अडकल्या.

मुळात सगळी फौज रंगीत होती. रंगाखालचा लाखेचा थर बाहेरच्या हवेत सुकला की काही मिनिटांत वळून सुटतो, त्यामुळे आता बहुतेक सगळं मातकट दिसतं.

तिकीट १२० युआन. पासपोर्टच्या तपशिलावर ऑनलाइन आधीच काढून ठेवा. मेट्रोच्या ९ नंबरच्या लाइनने ह्वाचिंगचीला उतरायचं, पुढे बस. वाटेत ‘इकडे जवळ आहे’ म्हणणाऱ्यांच्या गाडीत बसू नका, नकली प्रदर्शनं दाखवतात. १ ऑक्टोबरपासूनचा सुट्टीचा आठवडा टाळाच. पैसे बहुतेक ठिकाणी मोबाइलवरूनच देतात, त्यासाठीचं अलीपे हे अ‍ॅप भारतातूनच चालू करून घ्या. शाकाहारींनी लिआंगपी, म्हणजे तिखट तेलातल्या थंड शेवया, मांस नको असं सांगून मागवाव्यात.

त्याच तिकिटात समाधीच्या टेकडीचं उद्यानही येतं, फुकट बसने जाता येतं. टेकडी न उकरलेली आहे, वर फक्त झाडं. घाई असेल तर ती सोडा. पण तिथल्या नव्या संग्रहालयातले ब्राँझचे दोन रथ चुकवू नका.