‘कालहरण’ त्रैमासिकाचा एकमेव अंक काढताना

आमच्या वाचकगटाच्या दिवाळी अंकाला यंदा एक पुरवणी जोडली होती. कालविद्येला, म्हणजे वेळेच्या जादूला वाहिलेलं एक काल्पनिक संशोधन-त्रैमासिक, नाव ‘कालहरण’. संपादकपद माझ्या गळ्यात पडलं, कारण पीएचडीच्या काळात खऱ्या जर्नलांच्या दारात ताटकळण्याचा सराव आमच्यात मलाच होता.

बाहेरचा साज जमवणं अगदी सोपं. सारांश, बीजशब्द, तळटीपा, ‘लेखकाचे कोणतेही हितसंबंध गुंतलेले नाहीत (या काळात तरी)’. तासाभरात मुखपृष्ठापर्यंत सगळं तयार. लेख मात्र येईनात. म्हणजे येत होते, पण सगळे एकाच साच्यातले: नायक मागच्या काळात जातो, काहीतरी टाळतो, परत येऊन बघतो तर सगळं बदललेलं. मी ते साभार परत केले. ही कथा झाली, शोधनिबंध नव्हे. संशोधक जादू आहे की नाही यावर कागद खर्च करत नाहीत. ती आहेच असं धरून तिच्या मोजमापावर एकमेकांच्या उरावर बसतात.

मग मोजमाप कुठून आणायचं? घरातल्या पंचांगातून. अहोरात्राच्या ६० घटिका, घटिका २४ मिनिटांची, तिचे ६० पळं, पळ २४ सेकंदांचं. सूर्यसिद्धान्तात तळाला भोक असलेलं तांब्याचं भांडं दिवसरात्रीत साठ वेळा बुडतं. एवढी तयार परिमाणं हाताशी असताना मंतरलेली वाळूची घड्याळं कशाला शोधायची?

परीक्षक दोन नेमले. एक नाना, हयातभर पंचांगगणित केलेले. दुसऱ्या आमच्या गटातल्या फिजिक्सच्या मॅडम. लेखकांची नावं झाकून लेख पाठवायचे, शेरे लेखी घ्यायचे, असा खराखुरा शिरस्ता ठेवला. पुरवणी उभी राहिली ती या दोघांच्या शेऱ्यांमुळेच.

एका लेखात क्षयतिथी चोरून विकणाऱ्या टोळीचा अभ्यास होता. नानांनी लाल शाईत लिहिलं: ‘तिथी नाहीशी होत नाही. तिच्या वाट्याला सूर्योदय येत नाही, इतकेच. सुधारून पाठवावे.’ बरोबरच होतं त्यांचं. चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी संपते. चंद्राची चाल कमीजास्त होते, त्यामुळे तिथी कधी १९ तासांतच आटपते, तर कधी २६ तासांपर्यंत रेंगाळते. आखूड तिथी दोन सूर्योदयांच्या मधेच सुरू होऊन संपली की तिला क्षय म्हणायचं. लेखक हिरमुसला, पण नव्या खर्ड्यात टोळी तिथ्या सोडून सूर्योदय चोरायला लागली आणि लेख दुपटीने चांगला झाला.

मॅडमचा धाक वेगळा. ‘वेळ इथून गेली तर कुठे जमा झाली ते दाखवा,’ हा त्यांचा एकच शेरा, प्रत्येक लेखावर. त्याचा सगळ्यात जास्त फायदा ‘मुंबईची ३९ मिनिटे’ या निबंधाला झाला. १ जानेवारी १९०६ ला भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, पण मुंबई अडून बसली. शहराची स्वतःची वेळ, प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे, १९५५ पर्यंत चालली. रेल्वे प्रमाणवेळेवर, शहर आपल्या. लेखकाचा दावा असा की गाडीतून उतरून शहरात पाऊल टाकणाऱ्याला ३९ मिनिटं फुकट मिळत आणि परत गाडी धरताना ती कापली जात. मॅडमनी विचारलं, मग जे आले आणि परत गेलेच नाहीत त्यांचं काय? लेखकाने हा प्रश्न उचलून अख्खा जमाखर्च मांडला: गिरणीत लागलेल्या, चाळीत बिऱ्हाड केलेल्या प्रत्येकाच्या नावे ३९ मिनिटं शिल्लक, आणि १९५५ साली खातं बंद झालं तेव्हा ती रक्कम कोणी उचलली याचा तपास. इतका मन लावून केलेला खोटेपणा मी खऱ्या जर्नलांतही फार पाहिला नाही.

भागवतातल्या रेवतीवर, ककुद्मी राजाच्या मुलीवर, एक छोटं टिपण होतं. तिला वर विचारायला ककुद्मी राजा ब्रह्मलोकी गेला, तिथे गाणं चालू होतं म्हणून थांबला, तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली. ब्रह्मदेवाचा दिवस हजार चतुर्युगांचा. तो १२ तासांचा धरला, तर राजा थांबला साडेएकोणीस मिनिटांच्या आसपास. नाना म्हणाले, ‘अहो, भागवतात क्षणभर म्हटलंय.’ टिपणकर्तीने उत्तर दिलं की साडेएकोणीस मिनिटांत विलंबित ख्यालही धड मांडून होत नाही, तेव्हा क्षणभरच. नाना स्वतः गाण्यातले, त्यांनी मुकाट्याने मंजुरी दिली.

संदर्भांच्या बाबतीत मात्र कडक राहावं लागलं. पुढच्या अंकातल्या लेखांचे हवाले द्यायची सगळ्यांनाच हुक्की आली. असा एक हवाला छापला की तो अंक खरंच काढावा लागणार, हे लक्षात आल्यावर मी सरसकट काट मारली.

शुद्धिपत्र आम्ही मुद्दाम पहिल्या पानावर टाकलं होतं, चुका घडण्याआधी. मुद्रितशोधन करणाऱ्या ताईंनी ते आधी वाचलं आणि इमानदारीत आतल्या त्या सगळ्या चुका दुरुस्त करून टाकल्या. आता शुद्धिपत्रात ज्यांची दुरुस्ती आहे त्या चुका अंकात कुठेच नाहीत. चुका परत घालायच्या का यावर बरंच बोलणं झालं. मॅडमनी निकाल दिला, ‘हिशेब जुळतोय, राहू द्या.’

मलपृष्ठावर क्षयमास (पंचांगात ज्याचं नाव गळतं तो महिना) विशेषांकाचं आवाहन आहे. असा महिना १९६३-६४ मध्ये आला होता, नंतर १९८२-८३ मध्ये, आता थेट २१२३-२४ मध्ये. लेख पाठवायची मुदत २१२२ ची दिवाळी. नानांचा लेख आला आहे.