मंत्रालयातून पुन्हा नदीकाठी

पोलंडचे पर्यावरण कार्यकर्ते आणि माजी उपमंत्री रादोस्वाव गाव्लिक यांची कारकीर्द मला लक्षात घेण्याजोगी वाटते ती त्यांनी भूषवलेल्या पदांमुळे नव्हे, तर पद गेल्यानंतर त्यांनी जो मार्ग धरला त्यामुळे. तिची सुरुवात मात्र साम्यवादी राजवटीत, व्रोत्स्वाफ शहराच्या रस्त्यांवर झाली. १९८५ साली ‘स्वातंत्र्य आणि शांतता’ या नावाची एक चळवळ पोलंडमध्ये उभी राहिली. लष्करी शपथ नाकारणाऱ्या तरुणाच्या तुरुंगवासातून तिचा जन्म झाला होता आणि सक्तीच्या सैन्यभरतीला विरोध हा तिचा मुख्य विषय होता. गाव्लिक तिच्या व्रोत्स्वाफमधील कार्यकर्त्यांपैकी एक. पुढच्याच वर्षी एप्रिलमध्ये चेर्नोबिलचा अपघात झाला. सरकारने लाखो मुलांना आयोडीनचे द्रावण पाजले, पण काय घडले ते लोकांना मोकळेपणाने सांगितले नाही. तेव्हापासून पर्यावरण हा या चळवळीचा दुसरा मोठा विषय झाला.

त्यातला सर्वांत ठोस लढा शेख्नित्से येथील पोलाद कारखान्याविरुद्धचा. शहराच्या आग्नेयेला असलेल्या या कारखान्यात फेरोक्रोम हा लोखंड-क्रोमियमचा मिश्रधातू तयार होत असे आणि क्रोमियमयुक्त धातुमळीचा ढीग ज्या परिसरात साचत होता, त्याच परिसरातून व्रोत्स्वाफला पिण्याचे पाणी मिळत होते. १९८७ मध्ये कार्यकर्ते श्विद्नित्स्का या गजबजलेल्या बाजाररस्त्यावर फलक घेऊन उभे राहू लागले. बंदी असलेल्या राजकीय घोषणेपेक्षा घरच्या नळाच्या पाण्याचा प्रश्न लोकांना अधिक जवळचा वाटला, आणि पोलिसांनाही तो ‘देशद्रोह’ म्हणून खपवणे अवघड गेले. कारखाना बंद करण्याचे आश्वासन मिळाले. प्रत्यक्ष टाळे लागायला मात्र नव्वदच्या दशकाचा मध्य उजाडला.

तोवर देशच बदलला होता. जून १९८९ च्या दोन फेऱ्यांच्या निवडणुकीत सेयम या कनिष्ठ सभागृहातील विरोधकांसाठी खुल्या ठेवलेल्या सर्व १६१ जागा ‘सॉलिडॅरिटी’ या स्वतंत्र कामगार चळवळीने जिंकल्या आणि गाव्लिक खासदार झाले. २००१ पर्यंत ते सलग सभागृहात होते. १९९७ साली पंतप्रधान येझी बुझेक यांच्या सरकारात ते पर्यावरण खात्याचे राज्य सचिव, म्हणजे आपल्या भाषेत उपमंत्री झाले. त्याच जुलैमध्ये ओद्रा नदीच्या महापुराने व्रोत्स्वाफचे मोठे भाग पाण्याखाली गेले होते आणि पुढच्या वर्षी युरोपीय संघातील प्रवेशाच्या वाटाघाटी सुरू व्हायच्या होत्या. आंदोलकाला ‘नाही’ म्हणणे पुरते. येथे प्रत्येक धरणावर आणि तटबंधावर सही किंवा नकार नोंदवायचा होता, तोही अर्थखात्याच्या नजरेखाली. जून २००० मध्ये त्यांचा पक्ष, ‘स्वातंत्र्य संघ’, सरकारातून बाहेर पडला, आणि वर्षभराने मतदारांनी त्या पक्षाला सभागृहात प्रवेशासाठी लागणारा पाच टक्के मतांचा उंबरठाही ओलांडू दिला नाही.

आपल्याकडे ‘माजी मंत्री’ ही बिरुदावली पुढची वीस वर्षे सत्कारांसाठी पुरते. गाव्लिक मात्र हरित पक्षाच्या स्थापनेत सहभागी झाले (२००३), आणि त्याहून अधिक वेळ त्यांनी ‘एको-उनिया’ या व्रोत्स्वाफच्या संस्थेत घातला. लिग्नाइट या तपकिरी कोळशाच्या नव्या उघड्या खाणींना विरोध हे तिचे एक मोठे काम. लेग्नित्सा शहराजवळच्या सहा पालिकांत २००९ साली जनमत घेतले गेले, तेव्हा मतदान करणाऱ्यांपैकी बहुतांश लोकांनी खाण नाकारली. खाणीत घर जाणार आहे हे ज्याला ठाऊक आहे, त्याला हवामानबदलाचे व्याख्यान द्यावे लागत नाही. शेख्नित्सेच्या वेळी नळाच्या पाण्याने जे साधले, तेच येथे जमिनीने साधले.

हरित पक्षाला मात्र स्वबळावर सभागृह गाठता आले नाही. २०१९ मध्ये मोठ्या विरोधी आघाडीच्या यादीतून त्याचे तीन खासदार निवडून आले आणि त्यांपैकी माऊगोझाता त्रात्स या व्रोत्स्वाफमधून. पोलंडमध्ये हरित राजकारण कमकुवत आहे, असे यावरून म्हटले जाते. मला ते अर्धेच खरे वाटते, कारण तेथील हरित यश मतपेटीपेक्षा नदी आणि खाण यांच्या काठावर अधिक मोजावे लागते. २०२२ च्या उन्हाळ्यात ओद्रा नदीत शेकडो टन मासे मेले. खारट सांडपाण्याने वाढलेल्या विषारी सोनेरी शैवालाने हे घडवले, असे तपासात दिसले, आणि त्या खारटपणात खाणींचा मोठा वाटा होता. नद्या वाचवण्यासाठी संस्थांनी बांधलेल्या आघाडीत गाव्लिक तेव्हाही काम करत होते.