कंपनी नंतर, प्रकल्प आधी: व्हिएतनाममध्ये कारखाना काढताना

भोसरीत आमचं प्लास्टिक मोल्डिंगचं वर्कशॉप आहे. बाबांनी दोन हातमशिनवर सुरू केलेलं, आता मी आणि धाकटा भाऊ बघतो. ऑगस्ट 2022 मध्ये आमच्या एका जुन्या ग्राहकानं निरोप दिला की त्यांचं नवं युनिट हो ची मिन्ह सिटीच्या उत्तरेला, बिन्ह डुओंग प्रांतात होतंय. सुटे भाग तिथंच बनवून देणार असाल तर काम तुमचं, नाहीतर तिथला कुणीतरी बघू. आम्ही हो म्हटलं. पहिला माल जानेवारी 2024 मध्ये बाहेर पडला. मधल्या सतरा महिन्यांत काय काय झालं ते लिहून ठेवतोय, कारण आमच्यासारखे छोटे कारखानदार आता फोन करून विचारतात, आणि फोनवर हे सगळं सांगून होत नाही.

सुरुवातीलाच एक गैरसमज काढतो. आपण म्हणतो, 'तिकडे कंपनी काढायची.' आम्ही गेलो तेव्हाच्या नियमांत व्हिएतनाममध्ये परदेशी माणसाला आधी कंपनी काढता येत नव्हती. आधी प्रकल्प मंजूर करून घ्यावा लागायचा. त्याचं गुंतवणूक नोंदणी प्रमाणपत्र मिळायचं, आणि ते हातात आल्यावर कंपनीची नोंदणी व्हायची. प्रकल्पाच्या अर्जात काय बनवणार, किती बनवणार, कुठल्या जागेत, किती माणसं लावून, किती पैसा घालून, कुठल्या महिन्यात काय पूर्ण करून आणि किती वर्षं, हे सगळं लिहायचं असतं. बँकेला देतो तसला प्रोजेक्ट रिपोर्ट समजून मी पहिला मसुदा केला होता. उत्पादनाचे आकडे फुगवलेले, भांडवल भरघोस, सगळं सहा महिन्यांत सुरू. आमच्या तिथल्या हिशेबनीस बाईंनी तो वाचला आणि पेन्सिलनं प्रत्येक आकड्याखाली रेघ मारून विचारलं, "हे तुम्ही खरंच करणार आहात का? कारण हे प्रमाणपत्रावर छापलं जाईल."

या बाईंना मी 'ची' म्हणतो, म्हणजे आपली ताई. तिकडे ऑफिसातही नावापुढे साहेब-मॅडम लावत नाहीत, वयाप्रमाणे ताई, दादा, काका अशीच हाक मारतात. पन्नाशीच्या आहेत. हिशेब ठेवायला स्थानिक मुख्य लेखापाल नेमावाच लागतो आणि परकीय भांडवलाच्या कंपनीला दरवर्षी बाहेरचं ऑडिट सक्तीचं, त्यामुळे त्यांना आम्ही अगदी सुरुवातीपासून घेतलं. सगळ्या खटाटोपात आम्ही केलेलं सर्वांत शहाणपणाचं काम तेच.

सरकार प्रत्येक आकड्याला इतकं का धरून बसतं, हे मला एका दुपारी त्यांच्या घरी जेवताना कळलं. त्यांनी कपाटातून प्लास्टिकच्या पाकिटात जपलेला एक कागदाचा चिठोरा काढून दाखवला. रेशनचं कुपन. बोटाच्या दोन पेरांएवढं, कडा पिवळ्या पडलेल्या, मधोमध महिना आणि वजन. लहानपणी पहाटे आईबरोबर तांदळाच्या रांगेत उभं राहिल्याचं त्यांना लख्ख आठवतं. 1976 मध्ये देश एक झाला तेव्हा उत्तरेतलं केंद्रीय नियोजन दक्षिणेलाही लागू झालं. कुठल्या कारखान्यानं किती बनवायचं आणि कुठल्या कुटुंबानं किती खायचं, हे वरून ठरायचं. 1986 मध्ये महागाईचा दर 700 टक्क्यांच्या पुढे गेला, आणि त्याच वर्षी डिसेंबरात कम्युनिस्ट पक्षाच्या सहाव्या अधिवेशनानं 'दोई मोई' म्हणजे नूतनीकरणाची वाट धरली. वर्षभरात, डिसेंबर 1987 मध्ये, परकीय गुंतवणुकीचा कायदा आला. त्यात परदेशी माणसाला शंभर टक्के मालकीचीसुद्धा मुभा होती. आपल्याकडे 1991 उजाडायला तेव्हा अजून अवकाश होता. आपली ओएनजीसी विदेश 1988 मध्येच तिथल्या समुद्रात तेल-वायूच्या शोधासाठी करार करून मोकळी झाली होती.

म्हणजे त्या देशानं नियोजन टाकून दिलं नाही, त्याचा उपयोग बदलला. पूर्वी योजना सरकार लिहायचं आणि कारखान्यानं पाळायची. आता योजना गुंतवणूकदार लिहितो, सरकार ती वाचून शिक्का मारतं आणि तीच त्याला पाळायला लावतं. हे एकदा डोक्यात बसल्यावर मी अर्ज नव्यानं लिहिला. पन्नास माणसांच्या जागी बावीस. सहा महिन्यांच्या जागी चौदा. एकूण गुंतवणूक 6 लाख डॉलर, त्यात 4 लाख आमचं भागभांडवल आणि 2 लाख कर्ज. या दोन रकमा तिथं वेगळ्या लिहाव्या लागतात आणि त्यांची गल्लत अजिबात करू नका. भागभांडवल ठरलेल्या मुदतीत आलंच पाहिजे. परदेशातून एक वर्षाहून जास्त मुदतीचं कर्ज आणायचं तर त्याची नोंदणी तिथल्या स्टेट बँकेकडे, म्हणजे त्यांच्या रिझर्व्ह बँकेकडे, वेगळी करावी लागते.

कागदांनी मात्र आमचे तीन महिने खाल्ले. कंपनीचं नोंदणीपत्र, दोन वर्षांचे ताळेबंद, बँकेचा दाखला, संचालक मंडळाचा ठराव, पासपोर्टची प्रत, सगळं भारतात प्रमाणित करून तिथं अधिकृत व्हिएतनामी भाषांतरासह द्यायचं. मुंबईतल्या एजंटानं नेहमीच्या सवयीनं सगळ्यांवर अपोस्टिल, म्हणजे करारातले देश एकमेकांच्या कागदांवर मान्य करतात तो शिक्का, करून आणलं. व्हिएतनाम तेव्हा अपोस्टिलच्या करारात नव्हतं, त्यामुळे तो शिक्का तिथं चालत नव्हता. पुन्हा पहिल्यापासून: नोटरी, मग व्यापारी संघटनेचं साक्षांकन, मग परराष्ट्र मंत्रालय, मग व्हिएतनामची वकिलात. तेवढ्यात तेत आलं. चांद्र नववर्षाचा हा सण म्हणजे आपली दिवाळी आणि गणपती एकत्र. 2023 मध्ये तो 22 जानेवारीला होता, आणि त्याच्या आगेमागे पंधरा-वीस दिवस कुठलंही काम पुढे सरकत नाही, हे गृहीत धरूनच तारखा आखा.

13 फेब्रुवारीला अर्ज दिला. औद्योगिक वसाहतीतल्या प्रकल्पांचा अर्ज प्रांताच्या औद्योगिक क्षेत्र व्यवस्थापन मंडळाकडे जातो आणि पूर्ण अर्जावर 15 दिवसांत निर्णय द्यायचा असा तेव्हा नियम होता. 'पूर्ण' हा शब्द महत्त्वाचा. आमचा अर्ज यंत्रांच्या यादीवर अडला. भोसरीतली चार इंजेक्शन मोल्डिंग मशिन तिकडे न्यायची, असं आमचं सगळं गणित होतं. चौदा वर्षांची, पण लोण्यासारखी चालणारी. जुनी यंत्रं आणायला व्हिएतनाममध्ये वयाची अट आहे, आणि आमच्या यंत्रांना ती 10 वर्षांची लागत होती. खिडकीपलीकडच्या तरुण अधिकाऱ्यानं यंत्राच्या पाटीचा फोटो मोठा करून उत्पादनाच्या वर्षावर बोट ठेवलं, आणि विषय संपला. ना आवाज चढला, ना 'बघू काहीतरी' असं सूचक बोलणं. त्या रात्री हॉटेलात मी आणि भाऊ फोनवर बराच वेळ नुसते गप्प होतो, कारण नव्या यंत्रांचा खर्च धरला की नफा दोन वर्षं पुढे जात होता. तरीही आज विचाराल तर मी म्हणेन की ती अट बरोबर आहे. आपली भंगारात निघणारी यंत्रं दुसऱ्या देशाच्या गळ्यात मारणं याला गुंतवणूक म्हणू नये.

दोन नवी आणि दोन सहा वर्षांची यंत्रं धरून यादी बदलली. मार्चअखेर गुंतवणुकीचं प्रमाणपत्र आलं आणि 10 एप्रिलला कंपनीची नोंदणी झाली. पेढे वाटायचा दिवस खरा, पण त्याच दिवसापासून 90 दिवस मोजायला लागतात. तेवढ्यात सगळं भागभांडवल यायलाच हवं, नाहीतर भांडवल कमी करून घ्यावं लागतं, दंडही बसतो.

इकडच्या बाजूला रिझर्व्ह बँकेचे ऑगस्ट 2022 चे परदेशी गुंतवणुकीचे नियम. आपल्या बँकेमार्फत फॉर्म एफसी भरायचा, सीएचा नक्त मत्तेचा (नेट वर्थचा) दाखला जोडायचा, आणि रिझर्व्ह बँकेकडून त्या परदेशी कंपनीला एक ओळख क्रमांक मिळाल्याशिवाय एक डॉलरही बाहेर जात नाही. एकूण परदेशी बांधिलकी कंपनीच्या नक्त मत्तेच्या 400 टक्क्यांपर्यंत चालते, त्यामुळे आमच्या रकमेला अडचण नव्हती. अडचण वेगळीच झाली. 18 मे रोजी पहिला हप्ता, 1 लाख डॉलर, आम्ही ज्या खात्यात पाठवला ते साधं चालू खातं निघालं. व्हिएतनाममध्ये परकीय भांडवलासाठी 'थेट गुंतवणूक भांडवल खातं' नावाचं स्वतंत्र खातं उघडावं लागतं, एका चलनासाठी एकाच बँकेत एकच. भांडवल त्याच दारातून आत आलं तर भांडवल, आणि पुढे लाभांश किंवा मूळ रक्कम परत न्यायची तीही त्याच दारातून. आमच्या सल्लागारानं दोन्ही खाती उघडली होती आणि ईमेलमध्ये क्रमांक चुकीचा दिला होता. मी तो दुसऱ्या कुणाकडून पडताळून घेतला नाही.

दोन्ही खाती एकाच बँकेत असताना पैसे इकडून तिकडे का फिरवत नाही, हे मी बँकेत तीनदा विचारलं. तिन्ही वेळा उत्तर एकच: हे पैसे भांडवल म्हणून आलेलेच नाहीत, परत पाठवा आणि नव्यानं मागवा. रक्कम पुण्यात परत यायला 7 जून झाला. मग आपली बँक विचारते, हे पैसे परत का आले? त्याचं पत्र, त्याचा ठराव, पुन्हा अर्ज. त्या महिन्याभरात बाबा रोज रात्री जेवायच्या आधी फोन करायचे आणि एवढंच विचारायचे, "किती दिवस राहिले?" त्यांनी तरुणपणी प्लास्टिकच्या दाण्यांच्या कोट्यासाठी सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवलेत. तारीख हुकली की वर्ष जातं हे त्यांना सांगावं लागत नाही. शेवटचा हप्ता 3 जुलैला जमा झाला. चौऱ्याऐंशीवा दिवस.

जागेबद्दल थोडक्यात. तिथली जमीन संपूर्ण जनतेची आणि ती सांभाळणार सरकार, हे तत्त्व आजही कायम आहे. विकत मिळतो तो वापराचा हक्क. औद्योगिक वसाहतीचा विकासक सरकारकडून साधारण 50 वर्षांसाठी जमीन घेतो आणि आपल्याला उरलेली वर्षं देतो. आमची वसाहत 2007 ची, म्हणून आमच्या कागदावर मुदत 2057 पर्यंत. एमआयडीसीच्या 95 वर्षांच्या लीजची सवय असलेल्या आम्हाला ते आधी तोकडं वाटलं. आम्ही शेड तयार घेतली, भाड्यानं, तरीही मूळ जमिनीची मुदत बघूनच सही केली. तुम्हीही बघा.

शेड तयार होती, पण आधीचा भाडेकरू तिथं कापडाचा माल ठेवायचा. आम्ही प्लास्टिक वितळवणार, म्हणजे आगीचा धोका वेगळा, म्हणजे अग्निशमन पोलिसांची नव्यानं मंजुरी. यात आमचे पाच महिने गेले. सप्टेंबर 2022 मध्ये याच प्रांतात थुआन आन इथं एका कराओके बारला आग लागून 32 जण गेले होते, आणि त्यानंतर तपासणी फार कडक झाली होती. पुष्कळ परदेशी कारखानदार त्यावर वैतागलेले होते. मीही होतो, अंतिम तपासणीच्या दिवसापर्यंत. त्या दिवशी आलेले अधिकारी मागच्या दारापाशी गेले, दिवे बंद करायला लावले आणि अंधारात भिंतीला हात लावून दारापर्यंत चालत गेले. कडी एका हातानं उघडते का, दार बाहेरच्या बाजूला उघडतं का, ते पाहिलं. मग तेच त्यांनी आमच्या दोन कामगार मुलींना करायला सांगितलं. पाण्याची टाकी वाढवायला सांगितली, पोलादी खांबांना आगरोधक रंग द्यायला सांगितला. दोन्हीचा खर्च अर्जात धरला नव्हता. तुम्ही धरा. आणि जागा घ्यायच्या आधी तिच्यावरची अग्निशमन मंजुरी नेमक्या कशासाठी आहे ते कागदावर बघा. भाडं किती हा प्रश्न त्यानंतरचा.

'तिकडे एका खिडकीत सगळं होतं' असं सांगणारे सल्लागार इथं भेटतील. खिडकी एकच असते, पण तिच्यामागं प्रत्येक खात्याचा आपला नियम आणि आपला क्रम असतो. तो क्रम लिखित आहे, आणि मला आलेल्या अनुभवात तो पाळला जातो. 2023 मध्ये त्या देशात प्रत्यक्ष आलेली परकीय गुंतवणूक सुमारे 23 अब्ज डॉलर होती. त्यात आमचे 4 लाख कुठं दिसणारसुद्धा नाहीत. पण खिडकीवर आमची फाइल मोठ्या कंपन्यांच्या फाइलींच्या मध्येच तिच्या नंबरावर होती आणि नंबर आला तेव्हाच उघडली गेली. वशिला नाही, ओळख नाही. ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

जुलै 2025 मध्ये प्रांतांची फेररचना झाली आणि बिन्ह डुओंग हो ची मिन्ह सिटीत विलीन झालं. म्हणजे आमचा कारखाना जागचा न हलता शहरात आला. प्रमाणपत्रावर अजून जुनाच पत्ता आहे. पुढच्या दुरुस्तीच्या वेळी तो बदलून घेऊ, असं चीताईंनी ठरवलंय. त्याच अर्जात बाविसाच्या जागी एकतीस माणसं लिहायचीत. ती आता खरोखर कामावर आहेत.